उलट्या शब्दाचे भय

भोकरदन तालुक्यातील पिंपळगाव रेणुकाई हे गाव मिरचीच्या बाजारासाठी सर्वदूर ओळखले जाते. आपली कुटुंबे तेथे मोजकीच. गेल्या उपवासकाळात घरभेटीसाठी गेलो असता एका घराच्या उंबरठ्यावरच गृहिणीने मला थांबवले. “फादर, आधी घरात पवित्र पाणी शिंपडा, मग बसा,” ती म्हणाली. “आमच्या धाकट्याच्या कम्प्युटरातून सैतान बोलतो. मी ह्या कानांनी ऐकलंय.”

कम्प्युटर वास्तविक थोरल्याचा होता. तो छत्रपती संभाजीनगरला अभियांत्रिकीच्या शेवटच्या वर्षाला शिकतो. सुटीत घरी आला, तेव्हा नववीतल्या धाकट्याने त्यावर ‘डूम’ नावाचा एक जुना खेळ खेळायला घेतला. चार-पाच रात्रींत तो शेवटच्या पायरीवर पोहोचला आणि यंत्रातून एक खोल, घोगरा, कोणत्याही भाषेत न बसणारा आवाज आला. आई जागी झाली. दुसऱ्या दिवशी गल्लीत चर्चा झाली. शेजारच्या एका वृद्धाने देवऋषाकडे नेण्याचा सल्ला दिला. आपल्याच प्रार्थनागटातील एका भगिनीने यंत्र जाळून टाका असे सांगितले. दोन्ही सल्ल्यांत मला फारसे अंतर दिसले नाही. वडिलांनी मधला मार्ग काढला. त्यांनी यंत्र गोणपाटात गुंडाळून धान्याच्या कोठीत ठेवले व कोठीला कुलूप लावले. थोरल्याचा वर्षभराचा प्रकल्प त्या यंत्रात अडकला होता आणि तो महाविद्यालयात सादर करायला दहा दिवस उरले होते. धाकटा कोपऱ्यात मान खाली घालून बसला होता. त्याच्याशी दोन दिवस कोणी धड बोलले नव्हते.

मी घराला आशीर्वाद दिला. आईची ती श्रद्धा होती आणि माझे ते कर्तव्य होते. परंतु पाणी शिंपडताना मनात एक विचार वारंवार येत होता. येथे भूतबाधेच्या निवारणाची गरज नाही, गरज आहे ती समीक्षेची. एखादी कलाकृती आपल्याला भय घालते, तेव्हा ती ते कशाने घालते, हे शांतपणे पाहणे म्हणजेच समीक्षा. आपल्या नियतकालिकांतून आपण कथा-कवितांची समीक्षा करतो, नाटकांची करतो. आपली मुले ज्यात रात्री घालवतात, त्या खेळांकडे मात्र आपण एकतर दुर्लक्ष करतो किंवा क्रूस उगारतो. या लेखात तिसरी वाट चालून पाहावी असा विचार आहे.

प्रथम त्या आवाजाविषयी. ‘डूम’ हा खेळ अमेरिकेतील ‘इड सॉफ्टवेअर’ या लहानशा चमूने डिसेंबर १९९३ मध्ये प्रसिद्ध केला. एक सैनिक मंगळाच्या उपग्रहांवर नरकातून सुटलेल्या अपदूतांशी लढतो, एवढीच त्याची कथा. १९९४ मध्ये त्याचा दुसरा भाग आला. त्यात हे अपदूत पृथ्वीवर उतरतात. त्याच्या तिसाव्या व अखेरच्या पायरीचे नाव मराठीत ‘पापाची प्रतिमा’ असे करता येईल. समोरच्या भिंतीवर एक प्रचंड शिंगाळ मुद्रा असते, तिच्या कपाळाला भोक असते आणि त्यातून एकामागून एक राक्षस बाहेर पडतात. खेळाडू तेथे पाऊल टाकतो तोच हा घोगरा आवाज येतो.

मी धाकट्याला जवळ बोलावून विचारले, “तो आवाज पुन्हा ऐकता येईल का? आणि उलटा करून?” त्याचा चेहरा उजळला. “मला माहीत आहे फादर तो काय बोलतो ते. पण घरात कोणी ऐकून घेईल तर ना!” वडिलांनी कोठी उघडली. मुलाने तो ध्वनी उलट्या दिशेने लावला आणि त्या आवाजातून सरळ इंग्रजी बाहेर पडली. बोलणारा सांगत होता की, खेळ जिंकायचा असेल तर तू मला ठार केले पाहिजेस. आणि शेवटी आपले नावही सांगत होता, जॉन रोमेरो. हे रोमेरो म्हणजे खेळाच्या निर्मात्यांपैकीच एक. त्यांच्या सहकाऱ्यांनी थट्टा म्हणून त्यांचेच मस्तक एका खुंटाला लावून त्या राक्षसी भिंतीच्या आड दडवले होते. खेळाडूचा मारा प्रत्यक्षात तेथे लागला पाहिजे अशी ती योजना. रोमेरो यांच्या हे ध्यानात आले, तेव्हा त्यांनी थट्टेला थट्टेनेच उत्तर दिले. स्वतःच्या आवाजातील ते वाक्य विकृत व उलटे करून त्यांनी राक्षसाच्या मुखी घातले.

आईने क्षणभर विचार केला आणि विचारले, “म्हणजे ज्यानं हे बनवलं, तोच आतून बोलतोय?” याहून नेमके परीक्षण मी अन्यत्र वाचलेले नाही. सैतानाच्या मुखवट्यामागे कारागीर निघाला आणि तो हसत होता.

एक कबुली येथे दिली पाहिजे. निर्मात्याला त्याच्याच निर्मितीत मारावे लागते, हे ऐकताच माझे धर्मगुरूचे मन गोलगोथाकडे धावले. सृष्टीचा कर्ता, त्याचे मरण, त्यातून विजय. एका प्रवचनाची सामग्री हाती आली असे वाटले! पण लगेच जाणवले की हाही तोच मोह आहे. शेजारणीला त्या आवाजात सैतान ऐकू आला आणि मला त्यात शुभवर्तमान ऐकू येऊ लागले. दोघांनीही आपापले मन त्यात ओतले. रोमेरो यांनी विनोद केला होता. विनोदाला विनोद म्हणून ऐकणे ही समीक्षकाची पहिली शिस्त आहे.

मग ते घरचे सर्व भ्याले कशाने? केवळ अज्ञानाने असे म्हणून चालणार नाही, कारण कानाला खरोखरच काहीतरी विपरीत जाणवते. आपण बोलतो तेव्हा ध्वनी झटकन उमटतो आणि हळूहळू विरतो. घंटेचा टोल आठवावा. तो उलटा केला की शून्यातून हळूहळू फुगत येतो आणि कडेलोट व्हावा तसा एकदम तुटतो. निसर्गात असा ध्वनी जवळजवळ नसतो. त्यामुळे उलटे बोलणे कानाला माणसाचे वाटते आणि माणसाचे वाटतही नाही. भयपटांनी व खेळांनी हेरले ते नेमके हेच.

आम्ही त्या घरात आणखी एक प्रयोग केला. ‘चिमा काय कामाची’ हे वाक्य आपण शाळेत असताना उलटे-सुलटे सारखेच म्हणून वाचले आहे. घरातील आजींना मी ते म्हणायला लावले, मुलाने ते ध्वनिमुद्रित केले. कागदावर अक्षरे उलटी केली तर वाक्य तेच राहते. पण यंत्र अक्षरे उलटी करीत नाही, ध्वनी उलटे करते. बाहेर पडले ते साधारण ‘ईचामाक याक आमिच’ असे काहीतरी. मी कोणाला काही सांगण्यापूर्वीच सून म्हणाली, “ऐकलंत का, शेवटी ‘आम्हीच’ म्हणतंय!” पुन्हा लावले. आता सर्वांना ‘आम्हीच’ स्पष्ट ऐकू आले. आजी पदर तोंडाला लावून हसू लागल्या. “म्हणजे माझ्याच तोंडात बसलाय की तो!” खोलीतील भय त्या हसण्याबरोबर ओसरले. पण मी मात्र गंभीर झालो, कारण मला एक जुनी गोष्ट आठवली.

१९९० च्या सुमारास मी सेमिनरीत शिकत होतो. एका साधनेच्या वेळी बाहेरून आलेल्या प्रवचनकारांनी आम्हांस पाश्चात्त्य गाण्यांची एक ध्वनिफीत उलटी ऐकवली. ऐकवण्याआधी त्यांनी फळ्यावर वाक्य लिहिले होते, सैतानाच्या स्तुतीचे. आम्ही फळ्याकडे पाहत ऐकले आणि आमच्या अंगावर काटा आला. प्रत्येक शब्द ऐकू आला! त्या काळी अशी प्रवचने बऱ्याच ठिकाणी होत. पुढे दीक्षा घेऊन मी एका धर्मग्रामात साहाय्यक धर्मगुरू म्हणून गेलो आणि तरुणांच्या मेळाव्यात तोच प्रयोग मी स्वतः केला. दुसऱ्या रविवारी गायनमंडळात गिटार वाजवणारा एक मुलगा थैलीभर कॅसेट घेऊन आला. त्याने त्यांच्या फिती ओढून माझ्या देखत चुरगाळल्या. मला धन्यता वाटली. त्यानंतर त्याने गिटारही सोडली. त्या तारांतही काहीतरी असेल असे त्याला वाटू लागले होते. तो गायनमंडळात परत आला नाही. आज तो मला भेटला तर मी त्याची क्षमा मागेन.

कारण त्या फळ्याचे रहस्य तेव्हाही गुप्त नव्हते, मी ते शोधले नव्हते इतकेच. कॅनडातील वोकी आणि रीड या मानसशास्त्रज्ञांनी १९८५ मध्येच या विषयावरील आपले प्रयोग प्रसिद्ध केले होते. उलटे बोलणे ऐकून बोलणारा पुरुष आहे की स्त्री हे श्रोत्यांना सांगता येत असे; पण वाक्याचा अर्थ त्यांच्या मनात कोणत्याही वाटेने शिरत नसे. मात्र अमुक शब्द ऐका असे आधी सांगितले की तेच शब्द त्यांना ऐकू येऊ लागत. म्हणजे संदेश फितीत नव्हता, फळ्यावर होता. सैतानाचे वाक्य आम्हांला सैतानाने ऐकवले नाही, प्रवचनकाराने ऐकवले.

याच भयाची न्यायालयातही परीक्षा झाली. १९८५ च्या अखेरीस अमेरिकेतील नेवाडा राज्यात दोन तरुणांनी आत्मघाताचा प्रयत्न केला. एक तत्काळ गेला, दुसरा तीन वर्षांनी. ‘जुडास प्रीस्ट’ या गायकवृंदाच्या गाण्यात दडवलेल्या शब्दांनी हे घडवले, असा दावा कुटुंबीयांनी केला. १९९० मध्ये न्यायाधीशांनी निकाल दिला की, जे शब्द वाटतात ते श्वासाचा व वाद्याचा ध्वनी योगायोगाने एकत्र आल्यामुळे वाटतात. ते कोणी हेतुपुरस्सर घातलेले नाहीत. त्या आईवडिलांच्या दुःखाविषयी मला आदर आहे. पण त्या दुःखामागील दीर्घ व उघड कारणांकडे लक्ष देण्यापेक्षा गाण्यातील एका गुप्त शब्दाकडे बोट दाखवणे सोपे होते, हेही खरे आहे.

आता अगम्य भाषेविषयी. अपरिचित भाषा हे अपदूताचे चिन्ह, ही कल्पना कलाकारांनी कोठून उचलली? काही अंशी आपल्याच दप्तरातून. १६१४ च्या रोमन विधिग्रंथात भूतबाधेची जी लक्षणे दिली आहेत, त्यांत न शिकलेली भाषा बोलणे वा समजणे हे एक आहे. ‘द एक्झॉर्सिस्ट’ या १९७३ च्या चित्रपटात फादर करास त्या मुलीच्या तोंडची अगम्य बडबड ध्वनिफितीवर घेतात आणि ती उलट्या इंग्रजीत आहे असे निष्पन्न होते. पडद्यावरील ते दृश्य पुढे शेकडो कथांनी व खेळांनी गिरवले. परंतु त्याच विधिग्रंथाचा आरंभीचा आदेश चित्रपटवाल्यांच्या हाती लागला नाही. तो असा की, एखाद्याला बाधा झाली आहे यावर धर्मगुरूने सहजासहजी विश्वास ठेवू नये. १९८३ च्या धर्मसंहितेनुसार तर महागुरुस्वामींच्या विशेष व स्पष्ट अनुमतीवाचून कोणाही धर्मगुरूला असा विधी करता येत नाही. ख्रिस्तसभा या बाबतीत आपल्या प्रार्थनागटांहून आणि आपल्या पडोशांहून कितीतरी अधिक संशयी आहे, आणि तिचा हा संशय आपल्या मुलांचे रक्षण करतो.

भयाची दुसरी भाषा म्हणजे लॅटिन. १९७६ च्या ‘द ओमेन’ चित्रपटाचे संगीत जेरी गोल्डस्मिथ यांनी केले. त्यात मिस्साच्या परिचित शब्दांना विपरीत करून सैतानाचे स्तोत्र रचले आहे. त्या संगीताला ऑस्कर मिळाले. सेमिनरीत लॅटिनच्या तासाला ज्यांनी छड्या खाल्ल्या नाहीत पण बोलणी खाल्ली आहेत, त्यांना ते ऐकताना हसू येते. ‘रक्त’ हा शब्द जेथे द्वितीया विभक्तीत हवा तेथे तो प्रथमेत आहे. सैतानाचे व्याकरण इतके कच्चे असावे! १९९७ मध्ये ‘फायनल फँटसी’ या जपानी खेळाच्या सातव्या भागात नोबुओ उएमात्सु यांनी अखेरच्या युद्धासाठी लॅटिन समूहगान योजले. ऐकणाऱ्याला वाटते, कोणता तरी भयंकर मंत्र चालला आहे. ते शब्द ‘कार्मिना बुराना’ या मध्ययुगीन संग्रहातून उचललेले आहेत. बव्हेरियातील एका मठात १८०३ मध्ये त्याचे हस्तलिखित सापडले. मद्य, प्रेम आणि फिरते दैव यांवरील गाणी त्यात आहेत. अर्थ कळला की भय मावळते आणि संगीत तेवढे उरते. ते संगीत उत्तम आहे, हे मोकळेपणाने सांगितले पाहिजे.

पण मला यात एक वेदनाही जाणवते. माझी आजी साल्वे रेजिना लॅटिनमध्ये म्हणत असे. एकाही शब्दाचा अर्थ तिला माहीत नव्हता, पण दिवसभर शेतात राबून आल्यावर तिला विसावा मिळे तो त्या सुरात. ज्या भाषेत तिने पवित्र मरियेला हाक मारली, ती भाषा माझ्या धर्मग्रामातील मुलांना आज केवळ राक्षसाच्या आगमनाची सूचना म्हणून परिचित आहे. हा दोष खेळ रचणाऱ्यांचा जितका, तितकाच आपला. आपण ती भाषा सोडून दिली, ते एका अर्थी योग्यच झाले; पण तिचा अर्थ मुलांना कधी सांगितला नाही. रिकाम्या घरात कोणी ना कोणी राहायला येतोच.

एखाद्या जनसमूहाची बोली भयाचे साधन झाली की त्या माणसांवर अन्याय होतो, हे आणखी एका खेळात स्पष्ट दिसते. ‘रेसिडेंट इव्हिल’ या जपानी मालिकेचा चौथा भाग २००५ मध्ये आला. तो स्पेनच्या एका खेड्यात घडतो. गावकरी विळे-कोयते घेऊन नायकावर धावून येतात आणि स्पॅनिशमध्ये ओरडतात. भाषांतर दिलेले नाही. नायकाला व खेळाडूला ते श्वापदांचे गुरगुरणे वाटावे हीच योजना. पण ज्याला स्पॅनिश येते त्याला काय ऐकू येते? मागे बघ, पळू देऊ नका, असली अगदी व्यवहारातील वाक्ये. स्पॅनिश जाणणारा खेळाडू त्यामुळे सावधही होतो. मागून कोणी येत आहे हे त्याला शत्रूच सांगून टाकतो! शिवाय त्या गावकऱ्यांचे उच्चार स्पेनचे नसून लॅटिन अमेरिकेतले आहेत, हे जाणकारांच्या ध्यानात आल्यावाचून राहिले नाही. म्हणजे रचणाऱ्यांना ती माणसे नको होती, केवळ त्यांच्या भाषेचा परकेपणा हवा होता. रचना म्हणून हा खेळ विलक्षण परिणामकारक आहे. त्याचे हे अंग मात्र मला उणे वाटते.

हे आपल्यापासून दूर आहे असे कोणी मानू नये. २०१६ मध्ये झी मराठीवर ‘रात्रीस खेळ चाले’ ही भुताखेतांची मालिका मालवणी बोलीच्या वातावरणात सुरू झाली, तेव्हा सिंधुदुर्गातील अनेकांनी आक्षेप घेतला होता की आमच्या कोकणाची ओळख अंधश्रद्धेशी जोडली जात आहे. पुढे त्याच बोलीवर महाराष्ट्राने प्रेम केले, कारण मालिकेतील माणसे बोलू लागली, भांडू लागली, हसवू लागली. बोली भयाची राहिली नाही, घरची झाली. स्पेनच्या त्या गावकऱ्यांना ही संधी मिळाली नाही.

यावरून मी ज्या विचाराशी येतो, तो आपल्या धर्मग्रंथाच्या मध्यभागी आहे. प्रेषितांची कृत्ये या पुस्तकात पवित्र आत्म्याच्या आगमनाची कथा आहे. तेथे चमत्कार अगम्य भाषेचा नाही, गम्य भाषेचा आहे. नाना देशांतून आलेल्या लोकांना आपापल्या बोलीत ऐकू आले आणि ते त्यामुळे चकित झाले. संत पौल करिंथच्या मंडळीला लिहिताना अन्य भाषांचे दान नाकारत नाही. परंतु अर्थ सांगणारा नसेल तर सभेत मौन धरावे असे बजावतो, आणि अगम्य अशा हजारो शब्दांपेक्षा समजणारे मोजके शब्द त्याला अधिक मोलाचे वाटतात. प्रार्थनासभांतून अन्य भाषांत प्रार्थना करणाऱ्या आपल्या बंधुभगिनींनी हे वचन माझ्याहून अधिक वाचले आहे. तात्पर्य, ख्रिस्ती माणसाचे काम गूढ शब्दापुढे थरथरण्याचे नाही, दुभाषा होण्याचे आहे.

या भूमीत ते काम चारशे वर्षांपूर्वी एका इंग्रज जेजुइटाने केले. फादर थॉमस स्टीफन्स १५७९ मध्ये गोव्यास आले. तेथील नवख्रिस्ती लोकांनी त्यांच्याजवळ आपल्या पूर्वीच्या पुराणांसारखे काही मागितले, आणि १६१६ मध्ये रायतूर येथे ‘ख्रिस्तपुराण’ छापून झाले. मराठी ओवीत, सुमारे अकरा हजार ओव्यांचे. ज्यांच्या कानी परकीय भाषेतील प्रार्थना मंत्रासारख्या पडत होत्या, त्यांना तो शब्द घरच्या भाषेत मिळाला. त्याच गोव्यात १६८४ मध्ये पोर्तुगीज सत्तेने लोकभाषा दडपणारा हुकूम काढला, हेही विसरता कामा नये. न समजणारी भाषा सत्तेला नेहमीच सोयीची असते. माणूस समजेनासा झाला की भितो, आणि भ्याला की वाकतो. १९६३ मध्ये दुसऱ्या व्हॅटिकन विश्वपरिषदेने उपासनेत लोकभाषांना वाव दिला आणि वेदीवरचा शब्द माझ्या आजीला म्हातारपणी का होईना, समजू लागला.

खेळांच्या विश्वातील एक अलीकडचा किस्सा या संदर्भात सांगण्याजोगा आहे. ‘डूम’ २०१६ मध्ये नव्या रूपात आला. त्याचे संगीतकार मिक गॉर्डन यांनी एका रचनेत अशी युक्ती केली की, ध्वनीचे चित्र काढले असता त्यात पंचकोनी तारा आणि ६६६ हा आकडा उमटावा. शोधणाऱ्यांनी तो शोधला आणि गवगवा झाला. पण याच संगीतात त्यांनी एक उलटा संदेशही ठेवला होता. तो सुलटा केल्यास ऐकू येते की, येशूचे तुझ्यावर प्रेम आहे. सैतान शोधायला निघालेल्यांच्या हाती प्रभूचे नाव लागावे, ही थट्टा मोठी चतुर आहे. आमच्या काही तरुणांनी मला हे अत्यंत आनंदाने सांगितले. मी त्यांच्याबरोबर हसलो. पण त्यास साक्ष म्हणायला मी तयार नाही. प्रभूने शिष्यांना जे कानात सांगितले ते धाब्यांवरून गाजवायला सांगितले. उलटे करून दडवलेले शुभवर्तमान हे शुभवर्तमान नव्हे, जसा उलटा करून दडवलेला शाप हा शाप नव्हे. दोन्ही गंमती आहेत.

मग या खेळांत आक्षेपार्ह काहीच नाही का? आहे, पुष्कळ आहे. पण त्यातले काहीही दडलेले नाही. ‘डूम’मध्ये रक्ताचे पाट वाहतात ते डोळ्यांसमोर. समोर येणाऱ्या प्रत्येकाला मारणे एवढाच तेथे व्यवहार आहे. क्षमा, संवाद, माघार यांना जागा नाही. रात्री दोनपर्यंत मुलगा जागतो हे उघड आहे, सकाळी शाळेत पेंगतो हे उघड आहे. बाप मिरचीच्या गाड्यांमागे, आई पाण्यामागे, आणि मुलाशी बोलायला घरात कोणी मोकळे नाही, हे तर सर्वांत उघड आहे. तो ज्या एकाकीपणातून त्या खेळाकडे गेला, त्याचा आवाज सुलटाच होता, मराठीतच होता. तो मात्र कोणी ऐकला नाही. लपलेल्या वाइटाच्या शोधाचे सर्वांत मोठे नुकसान हेच. त्या नादात समोरचे दिसेनासे होते. माझ्या त्या फळ्यावरच्या प्रयोगाने मी एका मुलाच्या कॅसेट पाहिल्या, मुलगा पाहिला नाही.

त्या दुपारी निघताना वडिलांनी थोरल्याचे यंत्र पुसून त्याच्या हाती दिले. धाकट्यासाठी काही नियम ठरले. रात्री दहानंतर खेळ नाही, आणि खेळायचे ते ओसरीवर, सर्वांच्या देखत. आईने एक अट घातली. खेळात परक्या भाषेत कोणी काही बोलले, तर त्याचा अर्थ त्याने तिला सांगायचा. मुलाने ती आनंदाने मान्य केली. दुभाष्याचे काम त्याला मिळाले होते.

दारात आजींनी मला थांबवले. “फादर बाबा,” त्या हळूच म्हणाल्या, “आम्ही लहानपणी मिस्सात ते लॅटिन म्हणायचो. त्याचा अर्थ मला कोणी सांगितलाच नाही. तुम्हाला येतो का?” मी पुन्हा आत जाऊन बसलो. घरभेटींच्या यादीत अजून तीन घरे होती. ती त्या दिवशी राहून गेली.